तळे, नोंद आणि न्यायालय : तलाव व पाणथळ जमिनी बुजविण्याविरुद्धच्या न्यायालयीन वादांचा इतिहास

सारांश : तलाव व पाणथळ जमिनी भराव टाकून नष्ट करण्याविरुद्ध भारतात उच्च न्यायालये व सर्वोच्च न्यायालय यांच्यासमोर 1992 पासून अनेक महत्त्वाचे वाद चालले. प्रस्तुत लेखात त्यांपैकी निवडक वादांचा कालानुक्रमे परामर्श घेतला आहे. भराव टाकणाऱ्यांनी वेळोवेळी केलेले बचाव, न्यायालयांनी त्यांना दिलेली उत्तरे आणि या संपूर्ण प्रक्रियेत महसुली नोंदींना प्राप्त झालेले महत्त्व ही या विवेचनाची मुख्य सूत्रे आहेत. तळ्याचे कायदेशीर अस्तित्व त्यातील पाण्यापेक्षा त्याच्या नोंदीवर अधिक अवलंबून राहिले आणि नोंद सांभाळणारी यंत्रणाच अनेकदा तळे बुजविण्यास कारणीभूत ठरली, असे या अभ्यासातून दिसते.

बीजशब्द : पाणथळ जमीन, ग्रामतलाव, महसुली नोंद, सार्वजनिक विश्वस्त सिद्धांत, अनुच्छेद 21, नियमितीकरण.

1. प्रस्तावना

भारतीय ग्रामजीवनात तळ्याला केवळ पाण्याचा साठा एवढेच स्थान नव्हते. गुरांना पाणी पाजणे, कपडे धुणे, मासेमारी, विहिरींचे पाणी टिकविणे, पुराचे पाणी सामावून घेणे अशी अनेक कामे एकाच जलाशयाने केली. ही कामे सर्वांची असल्यामुळे तळे कोणा एकाचे नव्हते, आणि कोणा एकाचे नसल्यामुळेच त्यावर अतिक्रमण करणे सोपे गेले. शेताचा बांध कोरला तर शेजारी कज्जा करतो. तळ्यात चार गाड्या माती टाकली तर तक्रार कोणी करावयाची, हा प्रश्न मागे उरतो.

या प्रश्नाचे उत्तर शोधण्याचे काम गेल्या तीन दशकांत प्रामुख्याने न्यायालयांनी केले. या निकालांची चर्चा बहुधा पर्यावरणीय कायद्याच्या अंगाने होते. इतिहासाच्या अभ्यासकाच्या दृष्टीने त्यांचे महत्त्व वेगळे आहे. जमिनीची नोंद, शासनाची भूमिका आणि सार्वजनिक मालमत्तेची कल्पना या तिन्ही गोष्टी कशा बदलत गेल्या, याचा पुरावा या वादांत सापडतो. ग्रामीण वादांचा उल्लेख येथे पक्षकारांच्या नावांऐवजी संबंधित गावाच्या नावाने केला आहे.

2. पार्श्वभूमी : बुजविणे हे कर्तव्य मानणारा कायदा

तलाव बुजविणे हे आज बेकायदेशीर कृत्य मानले जाते. परंतु शतकापूर्वी तेच नगरप्रशासनाचे कर्तव्य समजले जात होते. 1897 मध्ये रोनाल्ड रॉस यांनी मलेरिया आणि डास यांचा संबंध सिद्ध केल्यानंतर साचलेल्या पाण्याकडे पाहण्याची प्रशासनाची दृष्टी अधिक कठोर झाली. मुंबईतील मलेरियाविषयीचा डॉ. चार्ल्स बेंटले यांचा 1911 चा अहवाल या संदर्भात महत्त्वाचा आहे. या अहवालाने शहरातील विहिरी, टाक्या व तळी यांच्यातील डासांच्या पैदाशीकडे लक्ष वेधले आणि त्या बंद करण्याच्या धोरणाला बळ दिले. 1888 च्या मुंबई महानगरपालिका अधिनियमातही उपद्रवकारक डबकी, दलदल व तळी यांचा बंदोबस्त करण्याची तरतूद होती.

धोबी तलाव, गोवालिया टँक, सी. पी. टँक, खारा तलाव ही मुंबईतील ठिकाणे आज केवळ नावाने तलाव आहेत. हे तलाव चोरून बुजविले गेले नाहीत. सार्वजनिक आरोग्य, रस्ते आणि मोकळी मैदाने या मान्यताप्राप्त कारणांसाठी ते नाहीसे झाले. नळाचे पाणी आल्यावर शहरातील तळ्याची गरज संपली, असे त्या काळी गृहीत धरण्यात आले. पुराचे पाणी सामावून घेणे, भूजल भरणे यांसारखी तळ्याची अन्य कार्ये या हिशेबात आली नाहीत. पाणथळ म्हणजे पडीक, आणि पडीक म्हणजे भराव टाकून उपयोगात आणण्याजोगी जमीन, ही धारणा स्वातंत्र्योत्तर नगररचनेलाही वारशाने मिळाली.

3. महाडचा वाद : तळे कोणाचे?

तळे कोणाचे हा प्रश्न महाराष्ट्रात एका वेगळ्या, आणि सामाजिक दृष्ट्या अधिक मूलगामी, स्वरूपात न्यायालयासमोर आला होता. महाडच्या नगरपालिकेने 1924 मध्ये चवदार तळे अस्पृश्यांसाठी खुले केल्याचा ठराव केला होता. परंतु तो प्रत्यक्षात आला नाही. 20 मार्च 1927 रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह झाला. त्यानंतर स्पृश्य समाजातील काही जणांनी डिसेंबर 1927 मध्ये दिवाणी दावा दाखल करून तळे खासगी असल्याचे प्रतिपादन केले. हा वाद जवळजवळ दहा वर्षे चालला. 17 मार्च 1937 रोजी मुंबई उच्च न्यायालयाने अपील फेटाळले. तळ्यावरील खासगी मालकी सिद्ध झाली नाही, आणि अस्पृश्यांना वगळण्याची अनादिकालीन रूढीही सिद्ध झाली नाही.

हा वाद तळे बुजविण्याचा नव्हता. तरीही पुढील वादांच्या संदर्भात त्याचे स्मरण आवश्यक आहे. तळे सार्वजनिक आहे असे म्हटल्याने ते सर्वांचे होतेच असे नाही, हे महाडने दाखविले. दुसरे असे की, मालकीचा निर्णय वहिवाटीच्या दाव्यावर न होता पुराव्यावर झाला. वहिवाट विरुद्ध नोंद हा संघर्ष पुढे तळी बुजविण्याच्या जवळपास प्रत्येक वादात पुन्हा उभा राहिला.

4. पूर्व कोलकाता : पाणथळ जमिनीची कायदेशीर ओळख

पाणथळ जमीन बुजविण्याविरुद्धच्या वादांत 1992 चा कोलकाता उच्च न्यायालयाचा निकाल आरंभबिंदू मानावा लागतो. कोलकात्याच्या पूर्वेकडील खाऱ्या दलदलीत विद्याधरी नदीचे पाणी येत असे. नदी गाळाने मृतप्राय झाल्यावर या क्षेत्रात शहराचे सांडपाणी सोडण्यात आले, आणि विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात स्थानिक मच्छीमारांनी त्यावर मत्स्यशेती उभी केली. उथळ भेड्यांमध्ये सूर्यप्रकाश व शैवाल यांच्या साहाय्याने सांडपाणी शुद्ध होते, त्यावर मासे पोसले जातात आणि पुढे हेच पाणी शेतीला मिळते. शासकीय सेवेतील अभियंता ध्रुवज्योती घोष यांनी 1980 च्या दशकात या व्यवस्थेचा पद्धतशीर अभ्यास करून तिचे नकाशे तयार केले.

याच पाणथळ पट्ट्याच्या एका भागावर 1960 च्या दशकात हुगळी नदीतील गाळ नळांवाटे आणून भराव टाकण्यात आला व सॉल्ट लेक हे उपनगर वसविण्यात आले. त्या वेळी हा भराव प्रगतीचे चिन्ह मानला गेला. पुढे उर्वरित क्षेत्रात व्यापार केंद्रासह अन्य प्रकल्पांचे प्रस्ताव आले, तेव्हा 'पब्लिक' या संक्षिप्त नावाने ओळखल्या जाणाऱ्या नागरिकांच्या संस्थेने उच्च न्यायालयात धाव घेतली.

24 सप्टेंबर 1992 रोजी न्यायमूर्ती उमेशचंद्र बॅनर्जी यांनी या क्षेत्रात पुढील भराव टाकण्यास व जमिनीचा वापर बदलण्यास मनाई केली. विकास व पर्यावरण यांत समतोल साधण्याची आवश्यकता मान्य करूनही पाणथळ जमीन ही पडीक जमीन नव्हे, हे या निकालाने स्पष्ट केले. यात नकाशाची भूमिका निर्णायक होती. ज्या जमिनीला सीमा नाही तिचे संरक्षण करण्याचा आदेश अंमलात आणता येत नाही. अभ्यासकांनी आखलेल्या सीमेमुळे आदेशाला पाय मिळाले. 1993 मध्ये पश्चिम बंगालच्या अंतर्देशीय मत्स्यव्यवसाय कायद्यात दुरुस्ती होऊन मत्स्यपालनास योग्य अशा 5 कठ्ठे किंवा त्याहून मोठ्या जलक्षेत्राचा अन्य उपयोग करण्यास प्रतिबंध करण्यात आला. ऑगस्ट 2002 मध्ये सुमारे 12,500 हेक्टर क्षेत्राला रामसर स्थळाचा दर्जा मिळाला आणि 2006 मध्ये या क्षेत्रासाठी स्वतंत्र कायदा झाला. एका निकालातून आंतरराष्ट्रीय मान्यता व विधिमंडळाचा कायदा येथवरचा हा प्रवास अपवादात्मक म्हणावा लागेल.

5. पहिला बचाव : 'तळे आटले आहे'

ग्रामीण भागातील वादांत सर्वाधिक वापरला गेलेला बचाव म्हणजे तळे आता तळे राहिलेले नाही. उत्तर प्रदेशातील संत रविदास नगर (भदोही) जिल्ह्यातील उगापूर गावात तळ्याची जागा घरबांधणीसाठी काही ग्रामस्थांना वाटण्यात आली होती. महसूल अधिकाऱ्यांनी ते वाटप रद्द केले. उच्च न्यायालयाने मध्यम मार्ग काढला : ज्या पाच बिस्व्यांना अद्याप तळ्याचे स्वरूप आहे ते वाटता येणार नाहीत, उरलेले दहा बिस्वे मात्र वाटता येतील.

25 जुलै 2001 रोजी सर्वोच्च न्यायालयाने हा मध्यम मार्ग नाकारला. तळ्याचा विस्तार पावसाळ्यात बदलतो; म्हणून कोरड्या ऋतूत उघडी पडणारी जमीन ही तळ्याचाच भाग होय, असा या निकालाचा आशय आहे. वने, तळी, टेकड्या ही निसर्गाची देणगी असून त्यांचे रक्षण हा अनुच्छेद 21 मधील जीविताच्या हक्काचा भाग असल्याचे न्यायालयाने म्हटले. रहिवाशांना सहा महिन्यांत जागा सोडण्याचे व घरांचे साहित्य नेण्याची मुभा देण्याचे आदेश झाले. तळे पूर्ववत करण्याची जबाबदारी शासनावर टाकण्यात आली.

हाच बचाव तिरुपतीजवळील अविलाला व पेरूरू या तलावांच्या वादात अधिक मोठ्या प्रमाणावर पुढे आला. आंध्र प्रदेश शासनाने 1990 च्या दशकाच्या पूर्वार्धात तलावांच्या तळाची जमीन गृहनिर्माण मंडळ व नगरविकास प्राधिकरण यांच्याकडे सोपविली होती. तलाव वापरात नाहीत आणि वाढत्या शहराला घरे हवीत, ही शासनाची बाजू होती. तिरुपतीच्या 'इंटेलेक्च्युअल्स फोरम' या संस्थेच्या अपिलावर सर्वोच्च न्यायालयाने 23 फेब्रुवारी 2006 रोजी निकाल दिला. बियास नदीच्या पात्रासंबंधीच्या 1996 च्या निकालात स्वीकारलेला सार्वजनिक विश्वस्त सिद्धांत येथे तलावांना लागू करण्यात आला : शासन हे तलावांचे मालक नसून विश्वस्त आहे. मात्र बरीच बांधकामे तोवर उभी राहिली होती. न्यायालयाने ती पाडण्याचा आदेश न देता पुढील बांधकामास मनाई केली आणि पर्जन्यजल साठविण्यासारखे उपाय सुचविले.

हे दोन निकाल शेजारी ठेवले असता एक विसंगती नजरेत भरते. उगापूरच्या निकालात काही ग्रामस्थांची घरे हटविण्याचा आदेश झाला. तिरुपतीत शासकीय संस्थांनी वसविलेली वसाहत टिकली. दोन्ही ठिकाणी जमीन देणारी यंत्रणा शासकीयच होती. तत्त्व अधिक समृद्ध झाले, परंतु भराव जितका मोठा तितका तो परत फिरविणे कठीण, हा व्यवहारातील नियमही त्याच वेळी दृढ झाला. पुढील काळात बांधकाम वेगाने पूर्ण करून न्यायालयासमोर वस्तुस्थिती म्हणून मांडण्याची प्रवृत्ती का टिकून राहिली, याचे एक कारण येथे सापडते.

6. दुसरा बचाव : 'किंमत भरतो, नियमित करा'

पंजाबातील पतियाळा जिल्ह्यातील रोहर जागीर गावचा वाद महसुली नोंदीच्या दृष्टीने विशेष बोलका आहे. येथील तळ्याची जमीन दप्तरी 'गैर मुमकिन टोबा' अशी नोंदलेली होती. 'गैर मुमकिन' म्हणजे लागवडीस अशक्य, आणि 'टोबा' म्हणजे तळे. काही जणांनी ते बुजवून त्यावर बांधकाम केले. ग्रामपंचायतीने 1961 च्या पंजाब ग्राम सामाईक जमीन कायद्याखाली त्यांना हटविण्यासाठी अर्ज केला, तेव्हा जिल्हाधिकाऱ्यांनी भोगवटा कायम ठेवून जमिनीची किंमत वसूल करण्यास सांगितले. आयुक्तांनी नोंदीचा आधार घेऊन हा आदेश फिरविला व उच्च न्यायालयाने आयुक्तांचा निर्णय उचलून धरला.

28 जानेवारी 2011 रोजी न्यायमूर्ती मार्कंडेय काटजू व न्यायमूर्ती ज्ञान सुधा मिश्रा यांच्या खंडपीठाने अपील फेटाळले. अनधिकृत भोगवटा नियमित करण्यास वाव देणारे पंजाब शासनाचे 2007 चे पत्रही अवैध ठरविले. दीर्घकाळचा ताबा, बांधकामावरील मोठा खर्च अथवा राजकीय संबंध ही कारणे ग्राह्य नसल्याचे सांगून ग्रामसभांच्या जमिनीवरील अतिक्रमणे हटविण्याच्या योजना सर्व राज्यांनी तयार कराव्यात, असा आदेश देण्यात आला. महाराष्ट्र शासनाने 12 जुलै 2011 रोजी गायरान व सार्वजनिक जमिनींवरील अतिक्रमणांविषयी काढलेला शासन निर्णय याच आदेशाच्या अनुषंगाने होता.

या निकालात एक महत्त्वाचा अपवाद आहे. भूमिहीन मजूर अथवा अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तींना शासकीय अधिसूचनेनुसार दिलेले पट्टे, तसेच शाळा, दवाखाना यांसारख्या सार्वजनिक उपयोगाच्या वास्तू यांबाबत नियमितीकरणाची मुभा ठेवण्यात आली. सामाईक जमिनीचे रक्षण आणि भूमिहीनांचा निवारा यांत विरोध येऊ शकतो, याची ही कबुलीच होय. अंमलबजावणीत हा अपवाद किती काळजीपूर्वक पाळला जातो यावर निकालाची न्याय्यता अवलंबून राहते.

7. तिसरा बचाव : 'दुसरीकडे तळे खोदून देऊ'

शहरे वाढू लागली तशी युक्तिवादाची भाषाही बदलली. उत्तर प्रदेशातील गौतम बुद्ध नगर जिल्ह्यातील सैनी गावातील सामाईक जलाशयांची जमीन औद्योगिक विकास प्राधिकरणाने खासगी उद्योजकांना दिली होती. मूळ जलाशयाच्या बदल्यात अन्यत्र जलाशय विकसित करण्याची मुभा देणारा 2016 चा शासन आदेश प्राधिकरणाच्या पाठीशी होता. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणात तक्रारदाराला दिलासा मिळाला नाही.

25 नोव्हेंबर 2019 रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे वाटप रद्द केले. जलाशयाची अदलाबदल हा यांत्रिक विचार आहे. दूरवर खोदलेल्या खड्ड्याने मूळ जागेची हानी भरून निघेलच याची हमी नाही, आणि गावकऱ्यांनी व त्यांच्या गुरांनी पाण्यासाठी मैलोगणती जावे अशी अपेक्षा करता येत नाही, असे न्यायालयाने सांगितले. तळे आणि त्याचे स्थान यांची फारकत करता येत नाही, हे तत्त्व या निकालाने प्रस्थापित केले. पाणलोट, ओढे व वस्ती यांच्या संबंधातून तळे घडते, हे गावकऱ्यांचे जुने ज्ञान अशा रीतीने न्यायिक भाषेत आले.

8. व्याख्येचा वाद

तिन्ही बचाव अमान्य झाल्यावर वादाचे केंद्र व्याख्येकडे सरकले. केंद्र शासनाने 2010 मध्ये पाणथळ जमिनींविषयी नियम केले. इस्रोच्या अंतराळ उपयोग केंद्राने 2011 च्या राष्ट्रीय नकाशासंग्रहात नोंदविलेल्या, 2.25 हेक्टरपेक्षा मोठ्या 2,01,503 पाणथळ जमिनींना या नियमांतील तत्त्वांनुसार संरक्षण द्यावे, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने 8 फेब्रुवारी 2017 रोजी दिला. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये जुन्या नियमांची जागा नव्या नियमांनी घेतली. नव्या व्याख्येतून नदीपात्रे व भातशेते, तसेच पिण्याचे पाणी, सिंचन, मत्स्यपालन, मिठाचे उत्पादन व मनोरंजन यांसाठी खास बांधलेल्या मानवनिर्मित रचना वगळण्यात आल्या.

महाराष्ट्राच्या दृष्टीने हा बदल लहान नाही. पूर्व विदर्भातील मालगुजारी तलाव सिंचनासाठी मनुष्याने बांधलेले आहेत. कोकण किनाऱ्यावर मिठागरांचे विस्तीर्ण क्षेत्र आहे. या जागा शतकानुशतके पाणी साठवीत आल्या असल्या तरी निर्मितीच्या हेतूमुळे त्या या नियमांच्या कक्षेबाहेर राहतात आणि त्यांचे रक्षण अन्य कायद्यांवर सोपवावे लागते. मुंबई उच्च न्यायालयाने 'वनशक्ती' या संस्थेच्या जनहित याचिकेत 2013 मध्ये पाणथळ जमिनींवर भराव टाकण्यास अंतरिम मनाई केली, तर 17 सप्टेंबर 2018 च्या निकालात कांदळवनांचा नाश हा अनुच्छेद 21 चा भंग असल्याचे म्हटले. राज्यात या प्रश्नाला न्यायालयीन वाट मिळाली ती प्रामुख्याने अशा याचिकांमधून.

11 डिसेंबर 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने 2021 च्या नकाशासंग्रहातील 2,31,195 पाणथळ जमिनींची प्रत्यक्ष जागेवर पडताळणी व सीमांकन करण्याचे निर्देश दिले आणि रामसर स्थळांवरील देखरेख संबंधित उच्च न्यायालयांकडे सोपविली. पहिल्या निकालानंतर बत्तीस वर्षांनीही न्यायालयाला सीमा आखण्याचाच आदेश द्यावा लागला, ही बाब लक्षणीय आहे. शिवाय 2.25 हेक्टरपेक्षा लहान असलेली असंख्य गावतळी या मोजणीच्या बाहेरच राहतात.

9. निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील निष्कर्ष मांडता येतात.

1) तळ्याविषयीचा कायदा एका शतकात उलट दिशेने वळला. ज्या यंत्रणेला तळी बुजविण्याचा अधिकार होता तिच्यावरच ती राखण्याची जबाबदारी आली. तथापि जुन्या दृष्टिकोनाचा प्रभाव पूर्णतः संपलेला नाही.

2) 'तळे आटले', 'किंमत घ्या' आणि 'दुसरे तळे देऊ' हे तीन बचाव न्यायालयांनी क्रमाने अमान्य केले. या निकालांमुळे तळे म्हणजे केवळ पाणी नसून जागा, हंगाम व सामाईक उपयोग यांचा समुच्चय आहे, अशी कल्पना विकसित झाली.

3) कोलकात्याचा नकाशा, रोहर जागीरची 'गैर मुमकिन टोबा' ही नोंद, आणि राष्ट्रीय नकाशासंग्रह यांवरून पुराव्याचे महत्त्व स्पष्ट होते. महाराष्ट्रातही लोकांच्या वापरातील तलाव व ओढ्यांखालील जमीन पोटखराबा 'वर्ग ब' म्हणून नोंदली जाते. तळ्यावर माती पडण्यापूर्वी बहुधा दप्तरातील नोंद, आरक्षण अथवा व्याख्या बदललेली असते. म्हणून गाव नकाशे, जुनी मोजणीपत्रके व फेरफार नोंदी यांचे जतन हे जलसंवर्धनाचेही काम आहे.

4) चर्चिलेल्या वादांपैकी उगापूर, तिरुपती व सैनी येथे जमीन देण्याचा निर्णय शासकीय वा स्थानिक यंत्रणेचाच होता. केवळ अतिक्रमण करणाऱ्यास दोषी धरून हा इतिहास पूर्ण होत नाही.

5) महाडच्या वादापासून रोहर जागीरच्या अपवादापर्यंत 'सार्वजनिक' या शब्दाचा अर्थ सामाजिक न्यायाशी निगडित राहिला आहे. तळे राखताना ते कोणासाठी राखले जाते आणि त्यासाठी कोणाला विस्थापित व्हावे लागते, हे प्रश्न पर्यावरणाच्या प्रश्नापासून वेगळे करता येत नाहीत.

स्थानिक इतिहासाच्या अभ्यासकांना या क्षेत्रात मोठा वाव आहे. तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयातील जुना गाव नकाशा आणि आजची प्रत्यक्ष जागा यांची तुलना करणारा साधा प्रकल्प महाविद्यालयीन विद्यार्थ्यांनाही करता येण्यासारखा आहे. प्रत्येक गावाच्या तळ्यांची अशी विश्वासार्ह सूची तयार झाली, तर 2.25 हेक्टरच्या खालील जलाशयांनाही निदान पुराव्याचे पाठबळ मिळेल; आणि न्यायालयापर्यंत जाण्याची वेळ आलीच, तर तळे होते की नव्हते येथून वादाला आरंभ करावा लागणार नाही.